काठावरची अबोली

अबोली बुडेल, ही काळजी मला नाही. बुडायला आधी पाण्यात उतरावं लागतं, आणि माझी मुलगी सव्वीस वर्षांत गुडघ्याच्या वर कधी भिजलेली नाही. आंघोळ सोडून. माझी काळजी उलटी आहे. ती अर्धी पृथ्वी ओलांडून मेक्सिकोला गेली आहे, आज तिथल्या जंगलात एका विहिरीच्या काठावर उभी राहणार आहे, आणि मला भीती वाटते की ती तिथून कोरडीच परत फिरेल. तसं झालं तर दोष माझा. तिला काठावर उभं मीच केलंय, ती चार वर्षांची असताना, आणि तिथून हलवायला विसरले.

ही काळजी मी संध्याकाळपासून झटकतेय. कणीक मळताना झटकली, भांडी लावताना झटकली, घर तापवणाऱ्या हीट पंपचा रिमोट शोधताना तर दोनदा झटकली. प्रसाद, माझा नवरा, "तू झोप आता, तिची ती बघेल," असं मला सांगून स्वतः झोपला. मला झोप येईना म्हणून लिहायला बसले.

अबोली हे नाव आम्ही फुलावरून ठेवलं. त्या नावाचा दुसरा अर्थ तिने कधी मनावर घेतला नाही. घरात असली की ती बोलते, नसली की फोनवरून बोलते. आम्ही मराठीत विचारतो, ती इंग्लिशमध्ये उत्तर देते, आणि काही फारच मनातलं असलं तर अचानक मराठीत येते. त्यामुळे तिने मराठी काढलं की मी हातातलं काम खाली ठेवते.

आमच्या शहरातल्या पेनरोज भागात एका मोठ्या गोदामात ती कामाला आहे. कुठला ट्रक किती वाजता कुठल्या दाराला लागेल हे ठरवायचं तिचं काम. तिथले ड्रायव्हर, कोणी सामोअन, कोणी पंजाबी, कोणी पिढ्यान्‌पिढ्या इथलेच, ट्रक मागे घेण्याआधी रेडिओवर विचारतात, "येऊ का?" आणि अबोली सांगते, "ये, ये, डावीकडून ये." हा पायंडा तिनेच पाडला. एका आडदांड ड्रायव्हरची अशी समजूत आहे की ही माल पोचवण्याच्या धंद्यातली जुनी आंतरराष्ट्रीय परिभाषा आहे. तिने ती समजूत दूर केलेली नाही. उलट नव्या मुलांना शिकवायचं काम त्याच्याकडे दिलंय.

हे "येऊ का" आलं कुठून, ते सांगायला हवं. त्यात माझी शोभा होते, पण आता रात्र माझीच आहे.

मी रसायनशास्त्रात एमएससी. त्याच शहरात माउंट वेलिंग्टन भागातल्या एका प्रयोगशाळेत वीस वर्षं पाणी तपासते: तलावांचं, टाक्यांचं, शाळांच्या नळांचं. पाणी मला शंभर मिलीलीटरच्या बाटलीत, झाकण घट्ट लावलेलं, लेबल चिकटवलेलं, असं आवडतं. त्याहून जास्त पाणी एका ठिकाणी दिसलं की मला घाम फुटतो. मला पोहता येत नाही. आणि मी येऊन राहिले कुठे, तर माओरींच्या, चहूबाजूंनी समुद्र असलेल्या देशात.

अबोली चार वर्षांची असताना आम्ही मराएताईच्या किनाऱ्यावर गेलो होतो. प्रसाद गाडीतून टोपल्या काढत होता. अबोलीने माझा हात सोडला आणि ती सरळ लाटांकडे धावली. पाणी तिच्या घोट्यापर्यंत आणि माझा जीव माझ्या गळ्यापर्यंत. धावत जाऊन तिला ओढून आणलं आणि तोंडाला आलं ते बोलले.

"पाण्यात आसरा असतात. सात बहिणी. न विचारता जो उतरतो त्याला धरून ठेवतात."

रडेल असं वाटलं होतं. तिने डोळे मोठे करून विचारलं, "मग कसं विचारायचं?"

इथे मी थांबायला हवं होतं.

"काठावर उभं राहून 'येऊ का?' असं विचारायचं. आतून 'ये' असं आलं, तरच उतरायचं."

आसरा मी काही हवेतून आणल्या नव्हत्या. साताऱ्याकडे माझ्या मंदाआत्याच्या गावी विहिरीच्या कडेला शेंदूर लावलेले सात दगड आहेत, ते मी लहानपणी पाहिले होते. पण विचारायचा नियम माझा. जेमतेम मिनिटभरात रचलेला, आणि त्यात कुठेही फट नव्हती. कारण पाणी बोलत नाही.

अबोलीने वाळूत उभं राहून लगेच विचारलं, "येऊ का?" कान देऊन ऐकलं. मग माझ्याकडे येऊन म्हणाली, "आज नको म्हणतायत." मी तिला आइस्क्रीम दिलं. एवढं सोपं असेल असं मला वाटलं नव्हतं.

शाळा सुरू झाल्यावर अवघड झालं. इथे उन्हाळ्याच्या टर्ममध्ये सगळ्या वर्गाला पोहायला नेतात. टॉग्ज, म्हणजे पोहण्याचे कपडे, पिशवीत घालून पाठवा, अशी चिठ्ठी यायची. मी उलट चिठ्ठी पाठवायचे, की अबोलीचा कान दुखतोय. एक दिवस तिच्या बाईंनी बोलावून घेतलं. मिस टाउफा, टोंगाच्या, उंच, धिप्पाड, केसात कायम एक फूल खोचलेलं. शेजारी मुख्याध्यापक वही घेऊन बसलेले.

"अबोलीला एकूण कान किती?" मिस टाउफांनी विचारलं.

"दोन," मी म्हटलं.

"ह्या टर्ममध्ये चार दुखलेत."

मी पर्स उघडून उगाच रुमाल शोधला.

"पण तुम्हाला त्यासाठी नाही बोलावलं. काल माझी सव्वीस मुलं तलावाच्या काठाला रांगेत उभी राहिली आणि 'येऊ का' म्हटल्याशिवाय एकही उतरायला तयार होईना. अबोली म्हणते, ही तुमच्या लोकांची पाण्याची प्रार्थना आहे."

इथल्या शाळेत सकाळ कराकियाने, म्हणजे माओरी प्रार्थनेने, सुरू होते. नदीला, डोंगराला मान द्यायचा, ही गोष्ट इथे कोणाला विचित्र वाटत नाही. खरं काय ते सांगायला मी तोंड उघडलं. तेवढ्यात मुख्याध्यापक अत्यंत आदराने म्हणाले, "स्पेलिंग सांगता का?"

मी स्पेलिंग सांगितलं.

"फारच सुंदर," ते म्हणाले आणि लिहून घेऊन गेले. मिस टाउफा मात्र गेल्या नाहीत. त्यांनी विचारलं, "आणि उत्तर कोण देतं?"

"पाणी."

"असं?" त्या म्हणाल्या. "आमच्याकडे आई द्यायची. काठी घेऊन किनाऱ्यावर उभी असायची. ती 'जा' म्हणेपर्यंत आम्हाला समुद्र नव्हता."

मी गाडी चुकीच्या जागी लावल्याचं एकदम आठवून उठले.

पुढची तीन वर्षं त्या शाळेतली मुलं "येऊ का!" असं ओरडून धपाधप उड्या मारत होती. काठावर एकटी अबोली राहायची, कारण उत्तर आलं पाहिजे हा नियम फक्त तिला माहीत होता. सगळ्यांचे टॉवेल तिच्या खांद्यावर असायचे. शाळेने वार्षिक समारंभात तिला त्याबद्दल प्रशस्तिपत्रकही दिलं: मदतीची वृत्ती.

माझं बिंग फुटलं ती तेरा वर्षांची असताना. मंदाआत्या तीन महिने आमच्या फ्लॅट बुश भागातल्या घरी राहायला आली होती. जेवताना अबोलीने अभिमानाने सांगितलं की ती आसरांना विचारल्याशिवाय पाण्यात पाय घालत नाही. आत्याचा घास हातातच राहिला.

"विचारायचं? अगं, विचारलंस तर त्या नाहीच म्हणणार! आमच्याकडे पोरं ओटी ठेवायची आणि मारायची उड्या. एक तुझी आई सोडून. ही वर बसून सगळ्यांचे कपडे सांभाळायची."

अबोलीने माझ्याकडे बघितलं. "सो यू मेड इट अप."

"सगळं नाही," मी म्हटलं. "आसरा आहेत."

"अँड द 'ये'?"

"ते माझं."

त्या संध्याकाळी ती पहिल्यांदा आपल्या नावाला जागली. एक शब्द बोलली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी फ्रिजवर कागद चिकटवलेला होता, तिच्या अक्षरात आणि तिच्याच शुद्धलेखनात: "आधी विच्यारा." ती फ्रिजसमोर हात जोडून उभी.

"फ्रिज, येऊ का?" असं विचारायची, थांबायची, मान हलवून निघून जायची. "आज नको म्हणतोय. आय कान्ट हॅव ब्रेकफास्ट." हा प्रकार महिनाभर चालला. गाडीला विचारलं, कपाटाला विचारलं, पाहुण्यांदेखत सोफ्याला विचारलं. एकदा प्रसाद बाथरूममध्ये असताना बाहेरून दार वाजवून म्हणाली, "बाबा, येऊ का?"

"नको!" आतून प्रसाद ओरडला.

"सी?" ती माझ्याकडे वळून म्हणाली. "बाबा अ‍ॅट लीस्ट आन्सर्स."

मला वाटलं, चला, फिटलं. सूड घेऊन झाला, आता ही पोहायला शिकेल. पण तसं झालं नाही. शिकवणीला दोनदा नाव घातलं, दोन्ही वेळा ती शिकवणाऱ्या मुलाला खायला मफिन घेऊन गेली आणि काठावर बसून त्याच्या घरची सगळी माहिती काढून परत आली. मैत्रिणींबरोबर धबधब्यांवर जायची. फोटोत सगळ्या पाण्यात, ही जँडल्स, म्हणजे रबरी चपला, घालून खडकावर, कंबरेला सगळ्यांच्या गाडीच्या किल्ल्या. सोळाव्या वर्षी मराएताईला माझ्यादेखत ती गुडघाभर पाण्यात गेली, थांबली, ओठ हलले, आणि मागे फिरली. परतताना गाडीत तिने पायांची वाळू झटकली. मग मराठीत म्हणाली, "आई, मला माहितेय ते तू बनवलंस. पण माझ्या पायांना माहीत नाहीये."

हे बोलणं मी दहा वर्षं सांभाळून ठेवलंय. करायचं काय त्याचं, ते कळलं नाही.

मेक्सिकोचं खूळ कॅलेंडरवरून आलं. टायर विकणाऱ्या कोणीतरी त्यांच्या गोदामाला ते दिलं होतं. त्यात जुलैच्या पानावर जमिनीला पडलेलं एक मोठं गोल भोक, वरून लोंबणारी मुळं, आणि तळाशी निळंशार पाणी. चुनखडीची जमीन खचून अशा विहिरी आपोआप तयार होतात, त्यांना तिकडे सेनोते म्हणतात. जवळच माया लोकांच्या जुन्या नगरीचे अवशेष. अबोलीने ते पान फाडून घरी आणलं.

"मी माया रुइन्स बघायला चाललेय," तिने जाहीर केलं. "विथ स्विमिंग."

प्रसाद फोनमधून डोकं वर न काढता म्हणाला, "माया कोण? सबनीसांची?"

"बाबा! माया पीपल. एन्शंट."

"सबनीसांची पण काही लहान नाही आता."

मला मात्र तिच्या कागदावरचा एक शब्द खुपत होता. प्रायव्हेट. प्रायव्हेट डे ट्रिप. "प्रायव्हेट कशाला? चारचौघांबरोबर जा ना. एक अनोळखी माणूस, त्याची गाडी, जंगल, विहीर! ह्यातलं एक जरी कमी करता आलं तर बघ."

"ग्रुपमध्ये चौदा लोक माझ्यामागे उभे राहून 'कम ऑन, यू कॅन डू इट' करणार," ती म्हणाली. मग तिने मराठी काढलं, आणि मी तिचा कागद खाली ठेवला. "मला काठावर उभं राहायला खूप वेळ लागतो, आई. तेवढा वेळ कोणी मागे नको."

मला सुचलं ते मी बोलले: लाइफ जॅकेट सक्तीचं आहे का ते विचार. ते आहे. दोरी आहे का? आहे. माणूस ओळखीच्यांनी सुचवलेला आहे का? आहे. माझे सगळे प्रश्न तिने सोडवले होते. राहिलेला एकच प्रश्न माझा नव्हताच, तिचा होता.

विमानतळावर मी तिला पासपोर्टच्या चार झेरॉक्स, चिवड्याचं पाकीट आणि कानात घालायचे थेंब दिले. थेंब बघून ती इतकी हसली की रांगेतले लोक वळून बघायला लागले. मग तिने प्रसादला मिठी मारली, मला मारली, बॅग उचलली आणि नेहमीसारखं विचारलं, "येऊ का?"

निघताना "जाते" म्हणू नये, "येते" म्हणावं, हे तिला मीच शिकवलंय. लहानपणापासून ती दारात उभी राहून विचारते, मी आतून "ये" म्हणते, मग ती जाते. बालवाडीला असंच, कॉलेजला असंच, माउंट वेलिंग्टनला मैत्रिणीबरोबर वेगळं घर घेतलं तेव्हाही असंच. त्या दिवशी माझ्या तोंडून निघालं, "विहिरीच्या फार जवळ जाऊ नकोस. फोटो लांबूनही चांगले येतात."

ती थांबली. दोन सेकंद असेल. मग म्हणाली, "स्वीट अ‍ॅज, आई," म्हणजे इथल्या भाषेत "बरं, ठीक", आणि आत गेली.

गाडीत प्रसाद म्हणाला, "ये म्हणायचं राहिलं तुझं."

"माहितेय," मी म्हटलं.

हे झालं मंगळवारी. आज इथे रविवार लागला आहे, तिथे अजून शनिवारची सकाळ आहे. सतरा तासांचा फरक. ती अजून कालमध्ये आहे. जन्मभर मी कुठे ना कुठे उशिरा पोचत आलेय. पृथ्वीच्या फिरण्याने मला एवढ्या एकाच बाबतीत पुढे ठेवलंय.

एक वाजून गेल्यावर तिचा आवाजी निरोप आला. मागे पक्ष्यांचा कलकलाट. गाइडचं नाव एलिहिओ, वय साठीचं, हातात छत्री, कारण तिथे पाऊस कधीही येतो. तो तिला सेन्योरिता बोली म्हणतो. "आई, ही कान्ट से अबोली. आय टोल्ड हिम, अर्धं नाव चालेल, बोलीच बरोबर आहे." मग वर्णन: दगडी पायऱ्यांचा प्रचंड चौथरा, त्याच्या अंगावर उगवलेली झाडं, पायरीवर ऊन खात बसलेली हातभर लांब घोरपड. "शी लुक्स लाइक मंदाआजी आफ्टर लंच."

दुसरा निरोप मोठा होता. त्या चौथऱ्यापाशी जाताना सवयीने तिच्या तोंडून "येऊ का" निघालं, आणि एलिहिओने विचारलं, कोणाशी बोलतेस? तिने त्याला सगळं सांगितलं. आसरा, माझा नियम, मिस टाउफा, फ्रिज, सगळं. एलिहिओ एवढा हसला की त्याला बसावं लागलं, तो नेमका हजार वर्षांपूर्वीच्या दगडावर बसला, आणि रखवालदाराने शिट्टी वाजवून त्याला उठवलं.

"मग त्याने काय सांगितलं माहितेय? त्याची आजी म्हणायची, रानात गुडघ्याएवढे राखणदार असतात. खोडकर. शेतात, गुहेत, पाण्यात जाण्याआधी त्यांना विचारायचं, नाहीतर ते वाट चुकवतात. आई! यू डिडन्ट मेक इट अप. यू जस्ट गॉट द राँग कंट्री."

मी इथे एकटीच हसले, तोंडावर हात धरून.

निरोप संपला नव्हता. पुढे तिचा आवाज थोडा खाली आला, आणि मराठी सुरू झालं. "पण त्यांच्यात उत्तराची वाट बघत नाहीत. विचारायचं आणि जायचं. मी म्हटलं, आमच्यात बघतात. तो म्हणाला, किती वेळ? मी म्हटलं, बावीस वर्षं." आणि पुढे, "तो नाही हसला ह्यावेळी."

त्यानंतर लिहून एक ओळ आली: "पहिली विहीर सव्वानऊला. तिकीट-खिडकीपाशी वायफाय आहे, खाली नाही. जस्ट सेइंग."

ही ओळ मी सात-आठ वेळा वाचली. अबोली उगाच काही कळवत नाही. कुठला ट्रक किती वाजता कुठल्या दाराला लागला पाहिजे, हे सांगायचा तिला पगार मिळतो. तिचे सव्वानऊ म्हणजे माझे सव्वादोन. दोन वाजून दहा मिनिटं झाली आहेत.

लाइफ जॅकेटचे सगळे बंद नीट बांध, पायऱ्या शेवाळलेल्या असतील, दोरी सोडू नकोस, एलिहिओला आधी उतरू दे, नाका-तोंडात पाणी गेलं तर घाबरू नकोस, कानात थेंब घाल. हे सगळं आत्ता जिभेच्या टोकावर येऊन बसलंय. पण हे बोलले तर ती "स्वीट अ‍ॅज, आई" म्हणेल, खाली जाईल, आणि चांगले फोटो काढून वर येईल. तेव्हा ते सगळं इथेच कागदावर ठेवून उठतेय.

व्हिडिओ नको; माझा चेहरा बघून ती पाणीच काय, तिकीटसुद्धा काढणार नाही. साधा आवाजी कॉल करते. आणि फोन उचलला की "आई बोलतेय" असं म्हणायचं नाही, हेही ठरवलंय. सांगणार आहे, आसरा बोलतेय. सात नाही, एकच आहे, बाकीच्या झोपल्यात. ये.